दुसऱ्या मजल्यावरचा इख्तिझाल

इजिप्तमधल्या तांता शहरात, मिठाईवाल्यांच्या बाजारामागच्या गल्लीत, एका सज्ज्यावर पत्र्याची पाटी लटकत होती. मूळ मजकूर होता 'इख्तिझाल आणि टंकलेखन, मुलींसाठी शिकवणी, दुसरा मजला'. उन्हानं त्यातलं टंकलेखन खाल्लं, मुली खाल्ल्या, आणि उरलं ते एवढंच: 'इख्तिझाल. शिकवणी. दुसरा मजला.' पाटी उतरवायची राहून गेली होती. उतरवणार कोण? मुलगा नबील सौदीत दम्माममध्ये नोकरीला, नवरा शिरबिनी मातीआड, आणि स्वतः अब्ला दौलत एकाहत्तर वर्षांच्या.

शाळेतल्या बाईंना आमच्याकडे अब्ला म्हणतात. अब्ला दौलत यांनी तेहतीस वर्षं मुलींच्या वाणिज्य शाळेत इख्तिझाल शिकवला. इख्तिझाल म्हणजे लघुलेखन. बोलणारा बोलत जातो आणि आपण त्याचे शब्द रेघांत आणि ठिपक्यांत आटवून टिपत जायचं. तीच रेघ पातळ काढली की 'त', दाबून काढली की 'द'. संगणक आले आणि तो विषयच बंद झाला. शेवटची चार वर्षं अब्लांना ग्रंथालयात बसवलं. त्याबद्दल त्या कुणाकडे कुरकुरल्या नाहीत. पण हाताची खोड जाईना. रेडिओवर बातम्या लागल्या की त्यांचं बोट मेजावरच्या कापडावर आपोआप चालायचं. सरकी गिरणीत कारकून असलेला शिरबिनी तोंडाचा पट्टा सुटल्यासारखा बोलायचा. लग्नानंतरची पहिली दोन वर्षं अब्लांनी त्याच्यावरच सराव केला होता. "तू माझं ऐकतेस की माझी वही भरतेस?" तो विचारायचा. "दोन्ही," त्या म्हणायच्या, आणि ते खरं होतं.

पेरूंचे दिवस होते. एका दुपारी दार वाजलं. बाहेर पाठीवर जड पिशवी घेतलेली, जिना चढून धापा टाकणारी एक मुलगी उभी.

"अब्ला, खाली पाटी वाचली. तुम्ही इख्तिझाल शिकवता ना?"

चौदा वर्षांत हा प्रश्न कुणी विचारला नव्हता. अब्लांनी दाराची चौकट धरली.

"शिकवते की. आत ये. नाव काय तुझं?"

"सुहैला. विद्यापीठात आहे. माझे मार्गदर्शक डॉक्टर फिक्री म्हणाले, तुझं इख्तिझालाचं प्रकरण कच्चं आहे, कुणाची तरी शिकवणी लाव."

"बरोबर सांगितलं त्यांनी. किती वेग हवाय तुला?"

"वेगाचं काही नाही, अब्ला. यंत्र दोन सेकंदांत करतं. मला त्याचा अर्थच लागत नाही."

अब्लांना यातलं काही कळलं नाही, पण समोर विद्यार्थिनी बसली होती आणि तेवढं पुरेसं होतं. त्यांनी मऊ पेन्सिल तासली, कोरी वही काढली, पहिल्या ओळीत पाच पातळ रेघा काढायला लावल्या, दुसऱ्या ओळीत पाच जाड. सुहैलानं मुकाट्यानं काढल्या. तिसऱ्या ओळीला मात्र तिनं पेन्सिल थांबवली.

"अब्ला, विचारू का? यात मिती कुठं येतात?"

"कसल्या मिती?"

मग दोघी एकमेकींकडे बघत राहिल्या. सुहैलाचे कान लाल झाले. तिला हवा होता मितींचा इख्तिझाल, म्हणजे पुष्कळ मोजमापं थोडक्यांत आटवणं. आकड्यांचं शास्त्र शिकणाऱ्यांनी तोच जुना शब्द उचलून आपल्या कामाला लावला होता. अब्ला हसायला लागल्या त्या डोळे पुसेपर्यंत. सुहैला पिशवी आवरून उठायला लागली.

"बस खाली," अब्ला म्हणाल्या. "चहा टाकलाय. माझा इख्तिझाल तू बघितलास, आता तुझा मला सांग."

सुहैलानं तीच वही पुढे ओढली. आसपासच्या गावांत एकट्या राहणाऱ्या दोनशे बारा म्हाताऱ्या माणसांना प्रत्येकी सेहेचाळीस प्रश्न विचारले होते. पाय दुखतात का, स्वयंपाक किती माणसांचा करता, फोन कोण आधी करतं, घराची किल्ली आणखी कुणाकडे असते.

"एक प्रश्न म्हणजे एक मिती, अब्ला. दोन प्रश्न असते तर कागदावर एक आडवी रेघ, एक उभी रेघ, आणि प्रत्येक माणसाचा एक ठिपका. पण सेहेचाळीस रेघा कागदावर कशा मावणार? आता, पुष्कळ उत्तरं हातात हात घालून चालतात. ज्याचं एक 'हो', त्याचं दुसरंही बहुधा 'हो'. मग यंत्र सगळे प्रश्न कमी-जास्त मिसळून एक नवीन रेघ शोधतं. जिच्यावर ही माणसं एकमेकांपासून जास्तीत जास्त लांब पसरतील अशी. तिला मुख्य घटक म्हणतात. मग दुसरी, पहिलीशी काटकोनात. दोन रेघा झाल्या की चित्र काढता येतं."

"आणि सेहेचाळिसातलं किती उरतं?"

"माणसामाणसांत जो फरक होता, त्यातला शंभरातला एक्केचाळीस."

"म्हणजे एकोणसाठ गेला."

"गेला," सुहैला म्हणाली. "तेही चालतं. माझी अडचण वेगळीच आहे. त्या पहिल्या रेघेला नाव काय द्यायचं? यंत्र नाव देत नाही. कुठल्या प्रश्नाचा भार किती, एवढंच सांगतं. डॉक्टर फिक्री म्हणतात, 'प्रकृती' लिही आणि मोकळी हो. मी लिहिलंय. पण परीक्षकांनी विचारलं, हे कशावरून, तर मी काय सांगू?"

अब्ला चहा ढवळत राहिल्या.

"हे बघ मुली. काय गाळायचं हे माझ्या वर्गात कुणीही महिन्याभरात शिकायची. मी तेवढ्यावर मार्क देत नव्हते. दुसऱ्या दिवशी तीच वही समोर ठेवायची आणि सांगायची, आता वाचून दाखव. जिला वाचता आलं नाही, तिचा वेग गेला चुलीत. तुझ्या त्या दोन रेघांवरच्या दोन आकड्यांवरून माणूस परत वाचता येतो का?"

तसं करता येत होतं. पुस्तकात त्याची रीतही दिलेली होती. सुहैलानं ती कधी करून पाहिली नव्हती.

पुढचे दहा-बारा दिवस ती रोज दुपारी यायची. एखाद्या माणसाचे दोन आकडे घ्यायचे, त्यावरून त्याची सेहेचाळीस उत्तरं काय असतील ते यंत्राकडून काढायचं, आणि मग खऱ्या उत्तरांचा अर्ज उघडून ताडून पाहायचं. अब्ला पेरू चिरून पुढ्यात ठेवायच्या आणि चुका मोजायच्या. चौथ्या दिवशी 'प्रकृती' कोसळली. साखरेच्या आजारानं डोळे गेलेली, कुबडीवर चालणारी एक बाई रेघेच्या उजव्या टोकाला, चांगल्या बाजूला बसली होती. आणि अडुसष्टाव्या वर्षी सायकल मारणारा, दात शाबूत असलेला एक निवृत्त हवालदार पार डाव्या टोकाला.

"याला काय धाड भरलीय डावीकडे बसायला?" अब्लांनी विचारलं.

"मलाही तेच कळेना."

"सगळ्यांत जास्त भार कुठल्या प्रश्नांना आहे? वाच. सावकाश नको, सरळ बोलतेस तशी वाच."

सुहैला वाचत गेली आणि अब्लांनी कितीतरी वर्षांनी भरधाव पेन्सिल चालवली. मग चष्मा वर सरकवून त्यांनी स्वतःचं टिपण मोठ्यानं वाचलं. दुपारपर्यंत तुम्ही दिसला नाहीत तर कुणी दार वाजवतं का. पाववाला न सांगता तुमचा वाटा बाजूला ठेवतो का. बाहेर जाताना कुणाला सांगून जावं लागतं का. उशीर झाला तर कुणी रागावतं का. घराची किल्ली आणखी कुणाकडे आहे.

वाचता वाचता त्यांचा आवाज हळू झाला.

"ही प्रकृती नव्हे, सुहैला. एकटेपणसुद्धा नव्हे. ती आंधळी एकटीच राहते की. ही रेघ एवढंच विचारते, तुझी कुणी वाट बघतंय का?"

सुहैलानं ते लिहून घेतलं.

मग अब्लांच्या मनात आलं, आपलाही अर्ज भरावा. सुहैला नको नको म्हणत होती. शेवटी भरायला बसली. पाय दुखतात, हो. फोन नबील करतो, शुक्रवारी. स्वयंपाक एका माणसाचा. पाव टोपली दोरीनं खाली सोडून घेते. किल्लीच्या प्रश्नाशी आल्यावर अब्ला उठून चुलीकडे गेल्या. चूल बंदच होती.

"शिरबिनीकडे असायची," त्या तिकडूनच म्हणाल्या.

सुहैलानं तो रकाना कोरा ठेवला.

"कोरा नको ठेवूस. 'कुणाकडेच नाही' लिही. आणि आता तो ठिपका दाखव."

"अब्ला, राहू दे ना."

"तेहतीस वर्षं मी मुलींचे मार्क भर वर्गात वाचलेत. दाखव म्हटलं ना."

ठिपका हवालदाराच्याही डावीकडे पडला होता. अब्ला पडद्याकडे पाहत राहिल्या. आमच्याकडे भांडणात माणूस म्हणतो, 'माझा इख्तिझाल करू नकोस', म्हणजे मला एका गोष्टीवरून मोजू नकोस. तेच शब्द त्यांच्या तोंडून निघाले, अगदी हळू. "माझा इख्तिझाल केलास, पोरी. शिरबिनी, नबील, साडेतीन हजार मुली, सगळं गाळून हा एवढासा."

सुहैलाला रडू फुटलं. तिनं संगणक मिटला आणि ती गेली. दुसऱ्या दिवशी आली नाही, तिसऱ्या दिवशीही नाही.

अब्ला आधी तिच्यावर रागावल्या, मग ठिपक्यावर, मग स्वतःवर. पाचव्या दिवशी सकाळी त्यांनी दुधात तांदूळ आटवले आणि वाटी घेऊन पहिल्या मजल्यावर शेजारीण उम्म बासिमच्या, म्हणजे बासिमच्या आईच्या, दाराशी गेल्या. धुण्याचं पाणी खाली गळतं यावरून दोघींचं सहा वर्षं बोलणं नव्हतं. उम्म बासिमनं दार उघडलं, वाटीकडे पाहिलं, अब्लांकडे पाहिलं.

"कोण गेलं?"

"कुणी गेलं नाही. खीर आहे."

"सहा वर्षांनी?"

"गरम आहे अजून. आणि ही किल्ली ठेव. माझ्या घराची."

"मी कशाला ठेवू? काही हरवलं तर माझ्या नावानं ओरडशील."

"ओरडेन. दुपारपर्यंत मी सज्ज्यात दिसले नाही तर वर ये."

उम्म बासिमनं किल्ली ओढणीच्या टोकाला बांधली आणि म्हणाली, "साखर कमी पडलीय." मग दार उघडं ठेवून आत जाऊन तिनं दोन चमचे आणले.

संध्याकाळी अब्लांनी सुहैलाला फोन लावला. "तुझा ठिपका खोटा नव्हता," त्या म्हणाल्या. "त्या दिवशी मी कुठं उभी होते, ते त्यानं सांगितलं. मी कोण ते नाही सांगितलं. रागाच्या भरात मी दोन्हींची गल्लत केली. आता माझा अर्ज बदल. किल्ली दिली मी."

पलीकडून नाक ओढल्याचा आवाज आला. "अब्ला, असं बदलता येत नाही. आणि तसंही तुम्ही दोनशे बारांत नव्हताच."

"मग एवढं रडलीस कशाला?"

"तुम्हाला वाईट वाटलं म्हणून."

"उद्या ये. पेरू सडायला लागलेत."

प्रबंधाची तोंडी परीक्षा हिवाळ्यात झाली. सभागृहात सुहैलाचे आईबाप, मावश्या, मैत्रिणी, मिठाईचे खोके. शेवटच्या रांगेत अब्ला दौलत, आणि शेजारी उम्म बासिम, तिला कुणी बोलावलं नव्हतं. काळे झगे घातलेले तिघे परीक्षक समोर बसले. त्यातल्या डॉक्टर इनायात करारी बाई.

"मला एक सांगा," त्या म्हणाल्या. "तुम्ही जिवंत माणसं दोन आकड्यांत बसवलीत. हा त्यांच्यावर अन्याय नाही का?"

सुहैला घोटभर पाणी प्यायली.

"माणूस परत वाचता आला नाही तर अन्याय आहे, डॉक्टर. म्हणून प्रत्येक माणसाला मी त्या दोन आकड्यांवरून परत उभं करून पाहिलं. कुठं चुकलं आणि किती चुकलं, त्याचं अख्खं प्रकरण लिहिलंय. शंभरातलं एकोणसाठ हातातून जातं, हे पहिल्याच पानावर आहे. आणि आधी मी त्या रेघेला 'प्रकृती' म्हणत होते. वाचून पाहिलं म्हणूनच ते चूक निघालं."

"शाबास. आणि 'वाट पाहणारं माणूस' हे नाव कुणी सुचवलं?"

"माझ्या इख्तिझालाच्या बाईंनी."

डॉक्टर फिक्रींनी चमकून वर पाहिलं. या बाई कोण, त्यांना ठाऊक नव्हतं. परीक्षकांनी आपसांत बरीच खलबतं केली. हे नाव कवितेतलं वाटतं, असं एकाचं मत पडलं. अखेर ठरलं की मथळ्यात 'सामाजिक आधार' असं रीतसर लिहावं, आतल्या प्रकरणात मुलीचं नाव राहू द्यावं. पदवी दिली, उत्तम शेऱ्यासह. मावश्यांनी जिभा फिरवून आनंदाची लकेर मारली, आणि उम्म बासिमची सगळ्यांत लांबली.

बाहेर रसाचे डबे फिरायला लागले. सुहैलाची आई भांबावली होती. शिवणकामात आयुष्य गेलेल्या त्या बाईला दोन तासांत मुलीचं नाव सोडून फारसं काही कळलं नव्हतं.

"माझ्या लेकीबद्दल नेमकं काय म्हणाले हो ते?" तिनं अब्लांना विचारलं.

अब्ला तिथंच जिन्याच्या पायरीवर बसल्या. मांडीवरची वही उघडली. दोन तासांतला एकही शब्द सुटला नव्हता, परीक्षकांचा खोकलासुद्धा एका बारक्या खुणेनं टिपला होता. त्यांनी चष्मा पुसला आणि पहिल्या ओळीपासून वाचायला घेतलं. भोवती माणसं गोळा झाली. अर्ध्यावर सुहैलाच्या आईनं त्यांचा हात धरला.

"ते परत वाचा ना. ती करारी बाई 'शाबास' म्हणाली, तिथपासून."

अब्लांनी पान मागे उलटलं.