इंजिनाला लावलेला कान

शेजारचा बापू गवत कापायच्या मशीनवर असा ओणवा झाला होता, की राजवैद्यसुद्धा राजाच्या छातीवर इतक्या अदबीने वाकत नसेल. दोरी ओढली की इंजिन दोनदा खोकून गप्प व्हायचं, आणि बापू डोळे मिटून तिसऱ्या खोकल्याची वाट बघायचा.

माझा जळून कोळसा झाला. तीस वर्षं दर रविवारी मी या माणसाला गोष्टी सांगतोय. माझ्या थापा ऐकून त्याच्या अंगणातला नारळ चार फूट जास्त वाढला, पण बापूने असा कान मला कधी दिला नाही.

"बापू, अरे ऐक तरी!"

"थांब रे, हे काय म्हणतंय ते ऐकू दे."

माणसाला लागतं काय? भाकरी लागते, आणि आपण अडखळलो तर पुढच्या शब्दासाठी श्वास रोखून थांबणारं कुणीतरी लागतं. भाकरी कुठेही मिळते.

बापूने स्पार्क प्लग काढला, त्यावरची काजळी पॉलिश पेपरने घासली, प्लग वर्तमानपत्रावर ठेवला आणि तो हात धुवायला गेला. मी प्लग उचलून खिशात टाकला.

परत येऊन त्याने सारं गवत चाचपलं. शेवटी दमून तो पायरीवर बसला. "सापडेल तेव्हा सापडेल. तू काय सांगत होतास?"

मी सुरू केलं. आंब्यावरच्या बिबट्यापाशी मुद्दाम अडखळलो. बापू पुढे वाकला.

"मग?"

एका बिबट्याचे चार झाले, तरी मी खिशात हात घातला नाही.