पुलावरची सुटका

शहरात त्याला सगळे वायरमन म्हणायचे. बंडाआधी तो वीज कंपनीत खांबांवर चढायचा, आणि कमांडर झाल्यावरही ते नाव सुटलं नाही. हाताखालची माणसं तोंडावर ‘साहेब’ म्हणत, पाठ वळली की वायरमन. त्याला त्याचं काही वाटत नसे. सरकारी फौज शहर सोडून गेली त्या हिवाळ्यात त्यानं जिवावर उदार होऊन पश्चिम काठावरची वीज चालू ठेवली होती. लोक त्याला मानत ते त्यासाठी. बंदूक नंतर आली.

बंडाचे म्होरके होते एक निवृत्त हेडमास्तर. सर होते तोवर कुणाची चूं करायची टाप नव्हती. पण सर न्यूमोनियानं अंथरुणातच गेले, आणि आपल्यामागे कोण हे सांगायचं राहून गेलं. शोकसभेत त्यांच्या खुर्चीवर त्यांचे जावई जाऊन बसले. सरांचे सेक्रेटरी म्हणाले, ही खुर्ची काही घरची नव्हे. तिथून जे फाटलं ते फाटलंच. पूर्वेचा काठ जावयांचा झाला, पश्चिमेचा सेक्रेटरींचा, आणि मधे पूल. ज्या सरकारविरुद्ध सगळा खटाटोप, ते लांब बसून निवांत मजा बघत होतं.

वायरमन पश्चिमेला राहायचा म्हणून सेक्रेटरींचा. यापलीकडे त्यात कसलंही तत्त्व नव्हतं. बायकोचं माहेर पूर्वेला, म्हणून तिचा धाकटा भाऊ जावयांचा. हा मेहुणा बसवर कंडक्टर होता. इतका बोलका, की उतरायचा स्टॉप गेला तरी लोक त्याच्याशी गप्पा मारत बसायचे. आता तोही पलीकडे एक तुकडी सांभाळत होता. दर रविवारी एका टेबलावर जेवणारे दोघं आता एकमेकांच्या चौकीवर दुर्बीण लावून बसायचे.

वसंतात सासूबाईंच्या पोटात गाठ निघाली. ऑपरेशन करणारा डॉक्टर एकच उरला होता, तोही पश्चिमेच्या इस्पितळात. कंडक्टरनं वायरलेसवर विचारलं, “भावोजी, आईला घेऊन येऊ का? तुमचा शब्द असेल तरच येतो.”

“ये,” वायरमन म्हणाला. “केसालाही धक्का लागणार नाही.”

त्यानं सेक्रेटरींच्या कानावर घातलं. सेक्रेटरी म्हणाले, “अहो, आईच्या आजारपणात कसलं राजकारण?” मग त्याला आणखी काय हवं होतं?

ऑपरेशन नीट झालं. कंडक्टर आईच्या उशाशी बसून नर्सला हसवत होता, तेवढ्यात चष्म्या आत आला. चष्म्या म्हणजे वायरमनचाच दुय्यम, त्यानं हाताला धरून तयार केलेला. तो कंडक्टरला म्हणाला, “जरा बाहेर येता का, एक सही हवी होती.” बाहेर जीप उभीच होती.

वायरमनला कळलं तेव्हा तो चौकीवर होता. तो तडक चष्म्याकडे गेला. “कुणाला विचारून केलंस हे?”

“वरून आदेश होता, साहेब.”

“वरून म्हणजे? तुझ्या वर मी आहे.”

 चष्म्या चष्मा काढून सदऱ्यानं पुसत राहिला. वायरमननं खोलीतल्या बाकीच्यांकडे पाहिलं. खांद्याला खांदा लावून लढलेली ती माणसं. एकेकाची नजर जमिनीला खिळली होती. आपण कमांडर आहोत ते फक्त नावाला, हे त्याला त्या घडीला समजलं. आणि हे बाकी सगळ्यांना आधीपासून ठाऊक होतं.

सेक्रेटरींनी त्याला चहा पाजला. “तुमचा मेहुणा आमचा पाहुणा आहे. अंगाला बोट लावायचं नाही, अशी ताकीद दिली आहे मी.”

“मग सोडा त्याला.”

“सोडू. घाई काय आहे?”

मग रोजचीच वारी सुरू झाली. सकाळी उठावं, सेक्रेटरींच्या व्हरांड्यात बाकावर बसावं, हुजऱ्यानं ‘साहेब मीटिंगमध्ये आहेत’ म्हणावं. वायरमननं विनवण्या केल्या. राजीनामा देतो म्हणाला, तर सेक्रेटरी हसले, “राजीनामा द्यायला ही काय वीज कंपनी आहे?”  तो घरी आला की बायको त्याच्या चेहऱ्याकडे एकदा बघायची आणि इस्पितळातून घरी आणलेल्या आईला औषध द्यायला आत जायची. म्हाताऱ्या बाईला सांगितलं होतं, की मुलगा परत ड्यूटीवर गेला.

आणि एके दिवशी सेक्रेटरींनी आपण होऊन त्याला आत बोलावलं. “तुमच्या शब्दाला आमच्याकडे किंमत आहे. घेऊन जा मेहुण्याला. तुम्हीच पोचवा पुलापर्यंत.”

वायरमनला आभाळ ठेंगणं झालं. त्यानं त्यांचे हात हातात घेतले. ते आठवलं की पुढे त्याला स्वतःचीच शिसारी यायची.

कंडक्टर बाहेर आला तो न्हाऊन, दाढी करून, अंगात नवा कोरा गरम कोट. गालावर थोडं मांसही चढलं होतं. सेक्रेटरींची स्वतःची गाडी त्यांना न्यायला उभी होती. गाडीत बसल्यावर बोलका कंडक्टर गप्पच होता.

“काय रे, खूश नाहीस?”

“भावोजी, रोज मटण होतं जेवायला,” तो हळूच म्हणाला. “पहिल्या दिवसापासून. तेव्हाच मला कळलं.”

“काय कळलं?”

“असा गुबगुबीत होऊन मी पलीकडे गेलो, तर जावई काय समजतील? शत्रूच्या तावडीतून असा कुणी सुटतो का? म्हणतील, काहीतरी विकून आला.”

 सेक्रेटरींचा पाहुणचार आता कुठे वायरमनला उलगडला. गोळी न झाडता ते पूर्वेचा एक चांगला माणूस पूर्वेच्याच हातून संपवणार होते.

“मग जाऊ नकोस. इथेच राहा माझ्याकडे.”

“आणि बायकामुलं? ती तिकडेच आहेत. मी राहिलो की ती गेलीच म्हणून समजा.”

पूल आला. दोन्ही काठांवर माणसं जमली होती. सेक्रेटरींनी आधीच बोभाटा केला होता. चष्म्या पुढे होऊन सगळ्यांदेखत हस्तांदोलन करायला उभा होता. ड्रायव्हर खाली उतरला, तेव्हा कंडक्टरनं वायरमनचा दंड घट्ट धरला.

“भावोजी, मारा मला. तोंडावर. डोळा सुजू दे, दात पडला तरी चालेल. काहीतरी दाखवायला हवं ना.”

“वेडा आहेस का?”

“मारा ना हो. तुमच्याशिवाय कोण मारणार मला?”

वायरमननं हात उगारला. या पोराला त्यानं सायकल शिकवली होती, लग्नात याच्या बुटांना पॉलिश केलं होतं. त्यानं डोळे मिटून ठोसा दिला. गाल लाल झाला, इतकंच. कंडक्टर वाट बघत थांबला, मग म्हणाला, “असू दे. जमायचं नाही तुम्हाला.” कोट काढून त्यानं सीटवर ठेवला आणि उतरला. चष्म्यानं पुढे होऊन त्याचा हात दोन्ही हातांत धरला, बराच वेळ हलवत राहिला. पलीकडे जावयांची माणसं बघत होती. तांबडा गाल इतक्या लांबून कुणाला दिसणार?

आठवडाभरात बातमी आली. पूर्वेनं फितुराला शिक्षा दिली होती.

बायको स्वयंपाकघरात उभी राहून ऐकत होती. तिनं गॅस बंद केला. मग त्यानं तिला गाडीतलं सगळं सांगितलं, काही न लपवता.

“तुम्ही मारलंत त्याला?”

“हो. एक ठोसा.”

“मग नीट का नाही मारलंत?” ती म्हणाली. आवाज चढला नव्हता. ती उत्तरासाठी थांबली नाही.

सासूबाईंना कुणी सांगितलं कळत नाही. पूल बंद झाल्यामुळे त्या इथेच अडकल्या होत्या. त्यांनी वायरमनशी बोलणं टाकलं. ताटात वाढलेलं मात्र जेवायच्या.

पुढच्याच आठवड्यात सेक्रेटरींनी वायरमनला सगळ्या नदीकाठाचा प्रमुख केलं. त्याचा मेहुणा पूर्वेनंच मारला होता, त्यामुळे तो तिकडे फुटायची भीती नव्हती. हे सेक्रेटरी भर बैठकीत, कौतुकानं बोलले. टाळ्या वाजल्या. वायरमन उठून उभा राहिला. दाराशी चष्म्या होता, खिडकीपाशी चष्म्याची माणसं. घरी बायको आणि सासू होत्या, आणि शहराबाहेर जायच्या प्रत्येक रस्त्यावर चौकी होती. त्यानं घसा साफ केला आणि जबाबदारी स्वीकारतो म्हणाला.