जुलाब बंद झाले होते

बाळाच्या पोटावर स्टेथोस्कोप ठेवला आणि मला काहीच ऐकू आलं नाही. जागा बदलली. बेंबीच्या उजवीकडे, डावीकडे, खाली. कुठेच आवाज नाही. आतडी चालू असली की पोटात गुडगुड होत राहते. जुलाब होणाऱ्या मुलाच्या पोटात तर जास्तच. हे पोट मात्र ढोलासारखं ताणलेलं होतं आणि आत सगळं शांत.

"जुलाब बंद झालं बाई," लता म्हणाली. "काल सांजपासनं एकबी न्हाई. पर ही उठंनाच झालीया."

तिच्या आवाजात काळजी होती, आणि थोडं समाधानही. जुलाब बंद झाले, म्हणजे निम्मं संकट टळलं असं तिला वाटत होतं. मला त्याच वाक्याने धडकी भरली.

नव्वदच्या दशकातली ही गोष्ट. तासगावात माझं लहान मुलांचं छोटं क्लिनिक होतं, आत मोजक्या खाटा. बेदाण्याचा सीझन ऐन भरात होता. लता शेडवर बेदाणा निवडायला जायची. नवरा मिल्ट्रीत, सासू वारलेली. दिवसभर आठ महिन्यांच्या पूनमला सांभाळायचे ते तिचे सासरे. तेही मिल्ट्रीतून रिटायर झालेले. गावात त्यांना सगळे हवालदार म्हणत.

परवाच लता पूनमला घेऊन आली होती. उलट्या आणि पाण्यासारखे जुलाब. डोळे खोल गेलेले, जीभ कोरडी. पोटाची कातडी चिमटीत धरून सोडली तर सावकाश जागेवर जात होती. अंगातलं पाणी कमी झाल्याच्या या खुणा. आम्ही त्याला डिहायड्रेशन म्हणतो. तिला क्लिनिकमध्येच ठेवून वाटी-चमच्याने ओआरएस पाजलं, म्हणजे मीठ-साखरेच्या पाकिटाचं पाणी. दुपारपर्यंत तिने लघवी केली, अंगावर प्यायली, हसली. मग घरी पाठवलं. जुलाब अजून काही दिवस होतील, जेवढं जाईल तेवढं पाणी पाजत राहा, अंगावरचं दूध तोडू नका, सुस्त झाली किंवा लघवी बंद झाली तर लगेच आणा, हे सगळं लताला सांगितलं होतं.

आता ती समोर पडली होती. हाक मारली, पायाला टिचकी मारली, तरी नुसती किंचित हलली. डोळ्यात टॉर्च टाकला. बाहुल्या टाचणीच्या टोकाएवढ्या झालेल्या.

इन्फेक्शनने बाहुल्या अशा होत नाहीत. अफूने होतात, किंवा अफूच्या जातीच्या औषधाने.

"लता, हिला काय दिलं?"

"तुमचं पाणीच दिलं की."

"दुसरं काही? गुटी, गोळी, कुणी अंगारा चाटवला?"

"न्हाई बाई. मी तर शेडला हुते."

तेवढ्यात पूनमचा श्वास थांबला. मी छातीकडे बघत राहिले. पुढचा श्वास येईना. ॲम्बू बॅग ओढली. हा रबरी फुगा असतो, त्याला मास्क जोडलेला. तो नाका-तोंडावर घट्ट धरायचा आणि फुगा दाबून हवा आत ढकलायची. दाबला, छाती वर आली. पुन्हा दाबला. सिस्टरांनी ऑक्सिजन जोडला, सलाईनसाठी शीर शोधली, नाकातून पोटात नळी घातली. नळीतून हिरवट पाणी येऊ लागलं, ते थांबेचना.

सांगलीत माझा वर्गमित्र सुहास भूलतज्ज्ञ होता. सिस्टरांनी त्याला फोन लावला आणि रिसीव्हर माझ्या कानाला धरला.

"सुहास, नॅलोक्सोन आहे तुझ्याकडे?" अफूच्या जातीच्या औषधांवरचा हा उतारा.

"आहे. कुणासाठी?"

"आठ महिन्यांची मुलगी. बाहुल्या टाचणीएवढ्या. श्वास मधूनमधून थांबतोय."

"अफू दिली?"

"माहीत नाही."

"बॅग चालू ठेव. निघालोच."

मी लताला म्हटलं, "सासऱ्यांना विचार, घरात काय दिलं ते." ते बाहेर बाकावर बसले होते. तिने दार उघडलं आणि त्यांचा आवाज आत आला.

"मिल्ट्रीतली गोळी हाय. नातीला अर्धी मधात उगाळून दिली. नळ बंद करावा तसं जुलाब बंद. ही घे, तुझ्या लेकरालाबी चारव."

बॅग सिस्टरांच्या हातात दिली आणि मी बाहेर धावले. शेजारी एक बाई तिच्या जुलाब होणाऱ्या मुलाला मांडीवर घेऊन बसली होती. हवालदारांनी पाकीट फोडून गोळी तिच्या तळहातावर ठेवलेली. मी गोळी उचलली, पाकिटावरचं नाव वाचलं. लोपेरामाइड. मोठ्या माणसाचे जुलाब थांबवणारी गोळी.

"बाबा, ही पूनमला दिलीत?"

"व्हय. काल दुपारी अर्धी, आज सकाळी अर्धी." ते अभिमानाने सांगत होते. "पोरीचं हाल बघवंनात. तुमचं पाणी पाजलं की आणखीनच जात हुतं. मग म्हनलं, आधी हे बंद करू."

"या गोळीने तिची आतडी थांबली बाबा. आता श्वासही थांबायला लागलाय. आत फुग्याने श्वास देतोय आम्ही."

शेजारची बाई तळहात पदराला पुसू लागली. पुसलेला हात पुन्हा पुसला.

"म्हंजी मी दिल्यामुळं?" हवालदार म्हणाले.

"हो."

"मग ती वाचंल का?"

"औषध मागवलंय," एवढंच म्हणून मी आत आले. लता दारातच उभी होती. तिने सगळं ऐकलं होतं. ती आत येऊन पूनमचे पाय चोळू लागली.

ही गोळी आतड्याची हालचाल बंद पाडते. मोठ्या माणसाला ते एकवेळ चालतं. तान्ह्या बाळात मात्र ती मेंदूपर्यंत पोचते आणि श्वास मंदावतो. आणि जुलाब बंद झाले म्हणजे पाणी वाचलं असंही नाही. ते आतड्यातच साठतं. बाहेर दिसत नाही, पण रक्तालाही मिळत नाही. पूनमचं पोट फुगलेलं आणि बाकी अंग सुकलेलं होतं ते त्यामुळे.

सुहास आला तेव्हा बॅग दाबून माझी बोटं आखडली होती. त्याने शिरेतून इंजेक्शन दिलं. आम्ही तिघंही छातीकडे बघत उभे. आधी श्वास खोल झाला, मग भरभर चालू लागला. डोळे उघडले. आणि ती रडली. बारीक, चिरका आवाज. लताने तिचे पाय दोन्ही हातांत घट्ट धरले.

या औषधाचा असर लवकर उतरतो आणि गोळीचा टिकतो, म्हणून इंजेक्शन पुन्हा पुन्हा द्यावं लागतं. सुहास पूनमला आणि लताला ॲम्ब्युलन्समधून सांगलीला घेऊन गेला. हवालदार गाडीत चढले नाहीत. मी विचारलं तेव्हा म्हणाले, "पोरगं बॉर्डरवर हाय माझं. तेला मी काय सांगू बाई?" "झालं ते सांगा," मी म्हटलं. ते मागून एसटीने सांगलीला गेले.

दोन दिवसांनी एसटीडी बूथवरून लताचा फोन आला. "बाई, पूनम हगली." तिच्यामागे बूथवाला हसत होता, पण मी खुर्चीत टेकून बसले. आतडी चालू झाली होती.

नंतर लता गोवराच्या लसीसाठी पूनमला घेऊन आली. मी विचारलं, आता बाळ कुणाजवळ असतं?

"सासऱ्यांजवळच."

माझ्या चेहऱ्यावर काही दिसलं असावं.

"मग कुणाजवळ ठिऊ बाई? तेंच्याएवढा जीव दुसरं कोण लावतंय तिला? घरातल्या सगळ्या गोळ्या तेंनीच आडात टाकल्या. म्या म्हनलं, आता आडाचं पाणी कसं प्यायचं? तर गडी लावून आड उपसून घेतला."

जुलाब झालेलं मूल आलं की आजही मी पाणी कसं पाजायचं ते सांगते. पण त्याआधी काय द्यायचं नाही ते सांगते. आणि ते आईला एकटीला सांगत नाही. दिवसभर बाळ ज्याच्या मांडीवर असतं, त्याला बाहेरून आत बोलावून घेते.