आरोपी नंबर तीन

पितांबर पाटलाला वाट पाहणं कधी जमलंच नाही. एकदा सुरतेहून येताना विसरवाडीला एसटीच्या ड्रायव्हरनं दुसरा चहा मागवला, म्हणून हा बाबा पिशवी उचलून खाली उतरला आणि एका रिकाम्या ट्रकात बसून घरी आला. एक घाव दोन तुकडे, ही त्याची रीत. अशा माणसाच्या नशिबी कोर्टाच्या तारखा याव्यात!

बरं, कुणी त्याच्यावर केस घातली असती तर एक वेळ समजू. ही त्याचीच फिर्याद होती. म्हसावदच्या शिवारात त्याचा आणि मोतीलाल गुजराचा बांध एक. चार वर्षांपूर्वी पितांबरच्या ट्रॅक्टरखाली मोतीलालच्या केळीतल्या ठिबकच्या नळ्या फाटल्या. बाचाबाची झाली, मोतीलालनं ढकललं, पितांबर पाण्याच्या मोटारीच्या पाइपावर आपटला आणि पुढचा दात निखळला. तसाच रक्ताळल्या तोंडानं तो ठाण्यात गेला. सोबतच्या शहाण्यांनी कान भरले, "घरमधला सगळा घाल, मंगच वठणीवर येतीन." त्यानं सगळ्यांची नावं घातली. फिर्यादीत ढकलण्याचं लोखंडी फावडं झालं. मोतीलाल आरोपी नंबर एक, त्याची बायको रुक्मिणीबाई दोन आणि मुलगी कामिनी तीन. 'तिने काठीने मारहाण केली.'

कामिनीनं त्या दिवशी एवढंच केलं होतं, की कॉलेजची पिशवी बांधावर टाकून ती धावत आली आणि चूळ भरायला पितांबरला पाणी दिलं.

राग उतरायला दिवाळी पुरली. दोघांनी बांधावर खुणेचे दगड रोवले, चहा झाला, भांडण मिटलं. पितांबर तालुक्याच्या कोर्टात जाऊन म्हणाला, माझी फिर्याद मी मागे घेतो. सरकारी वकील हसले. "काका, हे फावड्याचं कलम आपसांत मिटत नाही. आणि आता फिर्यादी तुम्ही नाही, सरकार आहे."

"मंग दात काय सरकारना पडना?" पितांबर ओरडला. शिपायानं त्याला दंडाला धरून बाहेर काढलं.

गावातले म्हणाले, साक्षीच्या वेळी फिरून जा, झालं. पण साक्षीची वेळ यायला हवी ना! कधी साहेब रजेवर, कधी वकिलांचा संप, कधी काही कारण नसताना नुसतीच पुढची तारीख. मोतीलाल आणि पितांबर एकाच मोटरसायकलवर कोर्टात जात, रुक्मिणीबाईनं बांधून दिलेली कळण्याची भाकरी एकाच फडक्यातून खात आणि पुकारा झाला की एक आरोपी, एक फिर्यादी म्हणून वेगवेगळे उभे राहत. कामिनीचे नर्सिंगचे तास बुडत ते वेगळंच.

यंदा तिची सरकारी दवाखान्यात परिचारिका म्हणून निवड झाली आणि पोलिस पडताळणीत गुन्हा निघाला. महिन्याभरात केस संपल्याचा कागद आणा, नाहीतर यादीतलं पुढचं नाव घेऊ, असं पत्र आलं. रुक्मिणीबाई रडली नाही की भांडली नाही. पितांबरच्या बायकोपुढे, धनुबाईपुढे, तिनं ते पत्र ठेवलं आणि निघून गेली. रात्रीच्या ताटावर धनुबाई नवऱ्याला म्हणाली, "त्या पोरनी तुम्हले पानी दिधं, नि तुम्हीन तिन्हा तोंडना घास काढा." पितांबर ताटावरून तसाच उठला.

मग केस रद्द करून मागायला संभाजीनगरचं हायकोर्ट. प्रतिज्ञापत्रात वकिलांनी लिहिलं, 'फिर्याद गैरसमजातून दिली गेली.'

"कसाना गैरसमज? मी खोटं सांगं व्हतं. तसंच लिखा."

वकिलांनी कपाळाला हात लावला. "तसं लिहिलं तर नवी केस तुमच्यावर, आणि या पोरीचं काम पुन्हा लटकेल. न्यायाधीश विचारतील तेवढंच बोला, बाबा."

न्यायाधीशांनी दोनच गोष्टी विचारल्या. कुणाचा दबाव आहे का? राजीखुशीनं मिटवलं का? "दबाव नही साहेब. राजीखुशीनं," पितांबर म्हणाला. पुढचं, कामिनीचं, सांगायला त्यानं श्वास घेतला तोवर दुसऱ्या केसचा पुकारा झाला. चार वर्षं जे जागचं हललं नाही, ते चार मिनिटांत संपलं. या माणसानं चिडावं तरी कुणावर?

आदेश मुदतीच्या आत हातात आला. कामिनी पितांबरच्याच ओट्यावर बसून नोकरीवर रुजू होण्याचा फॉर्म भरायला लागली. त्यात प्रश्न होता, 'आपल्याविरुद्ध कधी गुन्हा नोंदवला गेला होता काय?' केस रद्द झाली तरी कधी म्हणजे कधीही. तिनं 'होय' लिहिलं. खाली तपशिलात लिहिलं, 'फिर्यादी व अर्जदार यांच्यातील वाद आपसांत मिटला आहे.'

पितांबरनं चष्मा लावून वाचलं आणि त्याचं डोकंच फिरलं. "हाई काय लिखं? तुन्हा-मन्हा वाद कव्हय व्हता, बेटी?"

"आदेशमा तसंच शे, काका," कामिनी म्हणाली आणि तिनं खाली सही केली.