बारशाला आलेली हडळ

गेली अकरा वर्षं मी पडद्यावर मेलेलीच आहे. लोणावळ्याच्या एका बंगल्यात शूटिंग चाललं होतं आणि विहिरीत उतरायला मुंबईची नटी काही तयार होईना. मी तिथल्याच औंढे गावची, लहानपणापासून विहिरीतच पोहलेली. तिच्या जागी उतरले आणि वर आले ती हडळ होऊनच. पुढं प्रत्येक सिनेमात तेच. मोकळे केस, पांढऱ्या लेन्स आणि माझी ती किंकाळी. एकदा तरी नवरीचा रोल द्या म्हणून सांगून सांगून जीभ झिजली, पण मेल्यांनी दिला नाही.

भावाला मुलगी झाली तेव्हा म्हटलं, चला, इथं तरी आपला रोल पक्का! सख्खी आत्या मी एकटीच. बारशाला बाळाच्या कानात नाव मीच सांगणार.

बारशाच्या सकाळी मी स्वयंपाकघरात घुगऱ्यांना फोडणी देत होते. वहिनीची आई हळूच शेजारी येऊन बसली. तिकोना किल्ल्याखालच्या पेठ गावची साधी बाई.

"ताई, राग मानू नका. पर पोरीच्या कानात पयला आवाज तुमचा नगं. चुलत आत्या सांगंल की नाव."

माझ्या अंगाचा तिळपापड झाला. "मावशी, मेकअप उतरवला की मीपण वरणभातच खाते!"

"व्हय वो, कळतंय मला. पर जीव भितो, काय करू?"

खोटं काही बोलली असती तर कडाकडा भांडले असते. इतकं सरळ बोलल्यावर काय भांडणार, कपाळ! पण लागलं मला. फार लागलं. गॅस बंद केला, पिशवी उचलली आणि चपला घालायला लागले.

तेवढ्यात बाळाला घेऊन वहिनी दारात आली. तिनं सगळं ऐकलं होतं.

"आये, पयला आवाज कसला गं? पाय सुजले तवा पडून पडून ताईंचेच सिनेमे बघत हुते मी. ताई किंचाळल्या की ही आतनं लाथ मारायची. नाव ताईच सांगतील."

बायका खो खो हसल्या. तिची आई तेवढी हसली नाही. "कर बाई तुझ्या मनासारखं," म्हणाली आणि बाजूला झाली.

मी चपला काढल्या. बारशाच्या वेळी पाळण्यात वाकले आणि मला चक्क भीती वाटली. कसंबसं कुर्रर्र करून नाव सांगितलं. नाव सांगितलं की वाकलेल्या आत्याच्या पाठीत बायका धपाटे घालतात, ही आमच्याकडची रीत. मी तशीच वाकून राहिले. एक हात पडेना. मगाशी हसणाऱ्या बायकाही जागच्या हलल्या नाहीत.

आणि मग पाठीत सणसणीत धपाटा बसला. वळून पाहिलं तर वहिनीची आई.

"लय लागलं का वो?"

माझ्या डोळ्यांना धार लागली होती. म्हटलं, "अजून एक घाला, मावशी."