दामूमामाची कालविद्या आणि खंडेनवमीची प्रेस

मंडळी, भूत-बित, करणी-बिरणी यातलं मी काहीही मानत नाही. उद्या आमच्या शेडवर हडळ आली तरी मी तिला आधी विचारीन, "बाई, फर्स्ट शिफ्ट करणार का सेकंड?" माणसंच मिळत नाहीत हो! पण खंडेनवमीला जे झालं ते माझ्या डोळ्यांसमोर, भर दुपारी, आणि शंभर टक्के खरं. (माझ्या बाकीच्या गोष्टी ऐंशी टक्के असतात, हे मित्र सांगतीलच.)

चाकणजवळ आमचं शेड आहे. मी आणि धाकटा भाऊ सुनील, पॉवर प्रेसवर पत्र्याचे ब्रॅकेट काढतो. आणि आमच्याकडे राहतो दामूमामा... आईचा भाऊ, कालविद्येचा अभ्यासक! हसू नका.

मामा चिंचवडला एका कंपनीत टाइम-स्टडीला होता. म्हणजे स्टॉपवॉच घेऊन कामगाराच्या मागे उभं राहायचं आणि एका जॉबला किती सेकंद लागतात ते मोजायचं. सगळी कंपनी त्याला शिव्या द्यायची — इतक्या, की त्यांची वीज बनली असती तर अख्ख्या एमआयडीसीचं लोडशेडिंग मिटलं असतं. तिथंच त्याच्या डोक्यात किडा शिरला. जेवणाच्या सुट्टीतला अर्धा तास आणि शिफ्ट सुटायच्या आधीचा अर्धा तास, घड्याळात दोन्ही सारखेच. मग एक भुर्रकन का जातो आणि दुसरा संपता का संपत नाही? मामाचं म्हणणं, वेळ कणकेसारखी ताणता येते. श्वास रोखायचा, मन एका जागी बांधायचं, आणि समोरचा क्षण धरून ठेवायचा. ह्यापायी त्यानं लग्न केलं नाही, प्रमोशन नाकारलं, ज्योतिषी, हठयोगी, घटिकापात्र ठेवणारे भटजी... सगळ्यांचे उंबरे झिजवले. रिटायर झाला तो थेट आमच्याकडे.

सराव रोज सकाळी दुधावर. दूध वर यायला लागलं की मामा श्वास रोखून टक लावणार, आणि दूध भसकन उतू जाणार.

"दाम्या, तुझ्या इद्येपायी रोज वटा धुतीया मी," आई करवादायची. "येवढी वरसं झाली, एक डाव तरी थांबलं का?"

"न्हाई. उद्या थांबंल," मामा शांतपणे फडकं पुढं करायचा.

मी म्हणायचो, "मामा, संध्याकाळी हिंजवडीला जा. तिथं वेळ आपोआप थांबलेली असते." तो चक्क जाऊन आला! म्हणाला, "तिथं गाड्या थांबत्यात रे. वेळ पळतच असती. लोकांची तोंडं बघ की."

तर खंडेनवमी. मशिनी धुतल्या, झेंडूच्या माळा घातल्या, नारळ फोडला. आमची रीत अशी, की पूजा झाली की मोटर चालू करून एक रिकामा स्ट्रोक मारायचा, मगच पेढे. सुनीलनं मोटर चालू केली, फ्लायव्हील गरगरायला लागलं, आणि तेवढ्यात त्याला दिसलं, डायला, म्हणजे खालच्या साच्याला, हळद-कुंकू लावायचं राहिलंय. एरवी चिमट्याशिवाय आत काही न घालणारा माणूस. पण देवाला चिमट्यानं कुंकू कोण लावतं? घातला हात.

आणि नेमकी तेव्हाच आई मशीनच्या पाया पडायला वाकली. मशीनचे पाय कुठले? खाली असतं ते पेडल! गुडघे दुखतात म्हणून तिनं दोन्ही तळवे पेडलवर टेकवले आणि सगळा भार टाकला.

खट्ट.

ज्यांना माहीत नाही त्यांच्यासाठी सांगतो... असल्या जुन्या प्रेसचा क्लच पेडल दाबून एकदा लागला की रॅम, म्हणजे वरचा तो लोखंडी ठोकळा, खाली येऊनच वर जातो. मधे थांबत नाही. ब्रह्मदेव आडवा पडला तरी नाही.

"सुन्या, हात!" मामा ओरडला.

आणि सगळं थांबलं. उदबत्तीचा धूर हवेत वाकडा उभा. माळेतून सुटलेली पाकळी अधांतरी. मोटरचा आवाज गायब. मला पापणी हलवता येईना. रॅम सुनीलच्या हाताला टेकून उभा होता... आणि हलत होता फक्त सुनील. त्यानं हात बाहेर काढला, सावकाश, कासाराकडून बांगड्या भरून झाल्यावर बाई काढते तसा.

मग धाड! शेड हादरलं. पाकळी खाली पडली.

आईला काय झालं ते कळलं तशी ती सुनीलचं एकेक बोट चाचपत राहिली. "माझ्या हातानं झालं आसतं रं... माझ्याच हातानं..."

दुसऱ्या दिवशी मेकॅनिक आला. "शेठ, किती घेतली होती?" म्हणाला. क्लच खोलला, सगळं ओके. मग त्यानं रॅमच्या टोकाला बसवलेल्या पंचावर टॉर्च मारला. पंचाला सुनीलच्या हातावरची हळद लागलेली होती! गडी चहा न घेता गेला.

मी तर मामाला खांद्यावरच घ्यायला निघालो होतो. "मामा, जमलं! पिंपरीपर्यंत फ्लेक्स लावतो तुझे!"

"मी न्हाई केलं," मामा म्हणाला. "श्वास रोखावा लागतो. मी बोंबललो. बोंबलताना कुणाचा श्वास रोखलेला असतो व्हय?"

"मग कुणी केलं?"

"तेच तर शोधायचंय."

आई म्हणते, देवीनं केलं. सुनील म्हणतो, "दादा, मी नेहमीसारखाच हात काढला. तुम्हीच पुतळ्यासारखे उभे होता." कुणाकडं उत्तर असेल तर खाली लिहा, पण प्रेसवर काम केलेल्यानंच लिहा.

आता दर रविवारी मामा बंद शेडमध्ये प्रेसखाली दुधी भोपळा ठेवतो, श्वास रोखतो आणि पेडल दाबतो. आजवर सगळ्या भोपळ्यांचा चेंदा झालाय. परवा सुनील वैतागून म्हणाला, "मामा, पुरे की आता! माझा हात वाचला ना? आणि आपल्या मशीनला जाळीचा गार्डपण बसवलाय."

मामानं नवा दुधी ठेवला. "तुझा वाचला रे," तो म्हणाला. "पलीकडच्या शेडमधल्या, बिनगार्डच्या प्रेसवरल्या पोराचा कसा वाचवायचा?"

आणि श्वास रोखून त्यानं पेडलवर पाय ठेवला.