पेन्सिलअक्काची टिपणी

आमच्या शाखेत काम येणारी एकच बाई होती आणि नेमकी तिलाच शाईनं लिहायची बंदी होती. अंबाड्यात कायम एक शिसपेन्सिल खोवलेली, म्हणून सगळे तिला पेन्सिलअक्का म्हणत. मी नुसतं अक्का म्हणायचो.

ही बंगळूरमधल्या एका सरकारी खात्याची निवृत्तिवेतन शाखा. आम्ही कायम नोकरीतले, अक्का रोजंदारीवर. रोजंदारीच्या माणसानं फाइलवर शाई लावायची नाही, सही तर नाहीच, असा आमच्याकडे रिवाज होता. तो कुठल्या नियमात आहे हे कुणालाच माहीत नव्हतं, त्यामुळे तो कुणी मोडतही नव्हतं. अक्का फाइल वाचून पेन्सिलीनं टिपणी लिहायची. मी ती शाईनं गिरवायचो, खालची पेन्सिल रबरानं पुसायचो आणि सही ठोकायचो. या विद्वत्तेबद्दल सरकार मला पगार, महागाई भत्ता आणि भरपगारी रजा द्यायचं. अक्काच्या हातात माझ्या पगाराच्या निम्मंही पडत नसे.

ती कुणालाच किंमत द्यायची नाही आणि त्यात तिची चूक नव्हती. आमच्या सुपरिंटेंडेंटबद्दल म्हणायची, "ह्याला फाइल उलटी दिली तरी सही सुलटी करील." आमच्या दोघांचीही घरं इथल्या जुन्या मराठ्यांची, त्यामुळे कन्नड कचेरीत मराठी ही आमची खाजगी सोय होती. साहेब समोर उभे असताना अक्का मान खाली घालून पुटपुटायची, "आला बघ, सुम्ने फिरायला, काम ना धाम." साहेबांना वाटायचं, बाई हिशेब जुळवते आहे.

माझ्यावरही तिची मेहेरनजर नव्हती. फाइल पुढं सरकवताना रोज एकच वाक्य, "वाचून गिरव, नारायणा." मी रोज "सरी अक्का" म्हणून मान डोलवायचो आणि न वाचता गिरवायचो. माझं अक्षर वळणदार आहे, त्याचा मला कोण अभिमान. थंडीत ती के. आर. पुरमहून डब्यात अवरेकाळूची, म्हणजे पावट्याची, उसळ आणायची आणि अर्ध्याहून जास्त माझ्या ताटलीत वाढायची. "घे, गिरवून गिरवून दमला असशील," म्हणायची. ती उसळ मी हक्कानं खायचो. आयतं खायची सवय कचेरीनंच लावली होती.

एकदा आमच्यातला एक कायम कारकून निवृत्त झाला. टिपणी कशी लिहितात हे त्याला अक्कानंच शिकवलं होतं आणि तो शेवटपर्यंत शिकला नव्हता. त्याच्या पेन्शनचे कागदही अक्कानंच केले, पेन्सिलीनं. तिची स्वतःची साठी जवळ आली होती आणि तिला पेन्शन मिळणार नव्हती. ती फाइल माझ्यापुढं ठेवून ती उठली, अर्ध्या दिवसाची रजा घेतली आणि वकिलाकडे गेली. तिचं मागणं साधं होतं. काम तेच, तर पगार आणि पेन्शनही तीच.

खात्यानं कोर्टात उत्तर दिलं की ही बाई फक्त फाइली उचलते आणि ठेवते. टिपण्या कायम कारकून लिहितात. तिच्या सहीचा एक तरी कागद दाखवावा. आधी सही करू द्यायची नाही आणि मग सही कुठे म्हणून विचारायचं, एवढी अक्कल मात्र आमच्या खात्याकडे होती. मग त्यांना एक प्रतिज्ञापत्र हवं झालं, माझं. साहेबांनी मला खोलीत बोलावलं, स्वतःच्या खर्चानं कॉफी मागवली आणि लांबच्या एका तालुक्यात जागा रिकामी असल्याचं सहज सांगितलं. माझं घर इथंच हेब्बाळला, मुलगी दहावीत. पण ही कारणं नंतर जुळवलेली. खरं म्हणजे मी भित्रा आहे.

जागेवर परत आलो तेव्हा अक्काला सगळं कळलेलं होतं. ती एवढंच म्हणाली, "सही करायच्या आधी वाच तरी." मला तो टोमणा वाटला. सवयीप्रमाणे मी न वाचताच सही केली. त्यात लिहिलं होतं की या शाखेतल्या टिपण्यांमधला शब्द न् शब्द मी स्वतः विचार करून लिहिला आहे.

न्यायाधीशांनी मला हजर राहायला सांगितलं होतं. अक्काच्या वकिलानं माहितीच्या अधिकारात मिळवलेली एका जुन्या टिपणीची प्रत काढली आणि तिच्यातली ओळ वाचून दाखवली. कन्नडमध्ये लिहिलं होतं, "नारायणा, ही ओळ गिरवू नकोस. तारीख आधी तपास." माझी शाई, माझं वळणदार अक्षर, खाली माझी सही. तिच्याखाली सुपरिंटेंडेंटची सही आणि वरच्या साहेबांची मंजुरीसुद्धा.

"हा नारायण कोण?" न्यायाधीशांनी विचारलं.

"मीच," मी म्हणालो.

"मग तुम्ही हे कुणाला लिहिलंत?"

सगळं कोर्ट हसलं, आमच्या खात्याचा वकीलसुद्धा. अक्का तेवढी हसली नाही. ती ओळ तिला कितीतरी वर्षं ठाऊक होती. वर कळलं असतं तर माझ्यावर चौकशी लागली असती, म्हणून तिनं कधी कुणाला दाखवली नव्हती. मी प्रतिज्ञापत्रावर सही केली तेव्हाच ती फाइल तिनं वकिलाला सांगितली. हे मला तिथं उभ्या उभ्या उमगलं आणि स्वतःची किळस आली. ती अजून गेलेली नाही.

निकाल अक्काच्या बाजूनं लागला. खात्यानं जमेल तेवढा घोळ घातला आणि तिच्या नोकरीच्या शेवटच्या आठवड्यात आदेश शाखेत आला. पोचपावतीवर तिची सही हवी होती. अक्कानं सवयीनं अंबाड्यातली पेन्सिल काढली आणि सही केली. साहेबांनी माझ्याकडे बघितलं. मीही सवयीनं पेनाचं टोपण काढलं आणि म्हणालो, "इकडे दे अक्का, मी गिरवतो."

तिनं माझ्या हातातून पेन घेतलं. "नको नारायणा," ती म्हणाली, "हे मी वाचलंय."

मग तिनं स्वतःची सही एकेक अक्षर करत शाईनं गिरवली, टोपण लावून पेन माझ्या खिशात ठेवलं आणि डब्याची पिशवी उचलली.